फिलुमेना मार्तुरानो : तीन मुलगे, एक बाप आणि फाडलेली नोट

गजरा (धागाकर्ती)

या इटालियन नाटकाचा पडदा वर जातो तेव्हा निम्मं भांडण होऊन गेलेलं असतं. नेपल्समधल्या एका बड्या मिठाईवाल्याचं घर. दोघांसाठी मांडलेलं जेवणाचं टेबल. पांढऱ्या लांब झग्यातली, केस विस्कटलेली एक बाई हाताची घडी घालून दाराशी उभी. वय ४८. तिच्यासमोर ५२ वर्षांचा दोमेनिको सोरियानो स्वतःच्या थोबाडीत मारून घेतोय आणि ओरडतोय, "वेडा! ठार वेडा आहे मी!"

झालंय असं की फिलुमेना गेली पंचवीस वर्षं त्याच्याबरोबर आहे. वेश्यावस्तीत तो तिच्याकडे जायचा, मग त्याने तिला बाहेर काढून वेगळं बिऱ्हाड करून दिलं, पुढे घरातच आणलं. त्याचं दुकान, त्याचा कारखाना, सगळं तिने बघितलं. लग्न मात्र नाही. आता या वयात त्याला दियाना नावाच्या तरुण मुलीशी लग्न करायचंय. फिलुमेना अंथरूण धरते, पाद्री येतो, "आता ही काही वाचत नाही, शेवटची इच्छा पुरी करा" म्हणतो. दोमेनिको हो म्हणतो, कारण तासा-दोन तासांचाच प्रश्न असतो. लग्न लागतं आणि मरायला टेकलेली बाई उठून बसते. टेबलावर मांडलेलं ते जेवण त्याच्यासाठी आणि दियानासाठी होतं. ती नर्सच्या वेषात घरात आलेलीसुद्धा होती.

एदुआर्दो दे फिलिप्पो यांनी हे नाटक १९४६ साली लिहिलं, बहीण तितिनासाठी. दुसरं महायुद्ध संपून जेमतेम वर्ष झालं होतं. इतका वेळ वाटतं की ही एका चलाख बाईची गोष्ट आहे. मग ती दोमेनिकोला सांगते की मला तीन मुलगे आहेत. तिघेही मोठे झालेत, कामाला लागलेत, आणि आपली आई कोण हे त्यांना माहीत नाही. ते वाढले कशावर? दोमेनिकोच्या पैशांवर. ती त्याचे सूट विकत होती, बूट विकत होती. हिऱ्याची अंगठी हरवली म्हणून सांगितलं होतं ना? तीही विकली होती. त्याच्या कधी लक्षातही आलं नाही.

तिला लग्न हवं होतं ते या तिघांना आडनाव मिळावं म्हणून. वकील नोचेल्ला कागद घेऊन येतात आणि सांगतात की मरणाच्या दारातलं लग्न कायद्याला मान्य आहे, पण मरण खरोखर दारात असावं लागतं. फसवून घेतलेली संमती ही संमती नव्हे, लग्न रद्द होणार. फिलुमेनाला लिहिता-वाचता येत नाही, पण हे तिला चटकन कळतं. ती फार वाद घालत नाही. तिघा मुलांना बोलावून घेते आणि त्यांच्यासमोर सांगते, मी तुमची आई.

आणि मग नाटक जिथे खरं उघडतं ती जागा. जाता जाता ती दोमेनिकोला म्हणते, या तिघांतला एक तुझा आहे.

पुरावा आहे, शंभर लिऱ्यांची एक नोट. ती आठवण करून देते: एका रात्री तू म्हणालास, फिलुमे, आज आपलं एकमेकांवर प्रेम आहे असं समजू या, आणि दिवा मालवलास. माझं त्या रात्री खरोखर प्रेम होतं. तुझं नव्हतं, तू समजण्यापुरतंच समजलास. दिवा लावलास आणि नेहमीची शंभराची नोट दिलीस. तिने त्या नोटेच्या कोपऱ्यावर तारीख लिहून ठेवली. अक्षरं येत नसली तरी आकडे तिला येतात. इतकी वर्षं जपलेली ती नोट ती बाहेर काढते, तारखेचा कोपरा फाडून स्वतःजवळ ठेवते आणि उरलेली नोट त्याच्या हातात देते. मुलांसाठी पैसे मोजता येत नाहीत, म्हणते. कोणता मुलगा तुझा, हे मात्र ती सांगत नाही. सांगितलं तर तू त्या एकालाच पुढे करशील, बाकीचे दोघे मागे पडतील आणि भाऊ भावाचा वैरी होईल. तिन्ही सारखे.

हे मी पहिल्यांदा पाहिलं ते १९६२ च्या टीव्ही आवृत्तीत. इटलीच्या सरकारी टीव्हीने, म्हणजे राईने, एदुआर्दोंची नाटकं चित्रित केली, त्यातलं हे एक. कृष्णधवल. दोमेनिको स्वतः एदुआर्दो, फिलुमेना रेजिना बियांकी. खालची इंग्रजी अक्षरं वाचत वाचत पाहिलं, पण नोटेच्या प्रसंगात वाचायची गरज उरली नाही. नाट्यगृहात दहाव्या रांगेत बसलेल्याला ती नोट दिसणार तरी किती? टीव्हीवर तो कागद हातभर अंतरावर असतो.

तेव्हापासून एक गोष्ट मनातून जात नाही. आपण न्याय म्हटलं की पुरावा शोधतो. ही बाई पुरावा हातात असताना तो फाडते, आणि मला तोच न्याय वाटतो. तुम्हाला काय वाटतं? ज्यांनी नाटक किंवा त्यावरचा सिनेमा पाहिलाय त्यांनी जरूर लिहा.

---

अबोली

गजराताई, सुरेख लिहिलंय. मी फक्त दिग्दर्शक दे सिकांचा सिनेमा पाहिलाय, १९६४ चा, सोफिया लॉरेन आणि मार्चेल्लो मास्त्रोयानी यांचा. त्यात मागच्या आयुष्याचे तुकडे प्रत्यक्ष दाखवले आहेत, युद्धातली बाँबफेक, तिची तरुणपणीची खोली वगैरे. तुम्ही म्हणता तसं सरळ भांडणापासून सुरू होत नाही. सोफिया लॉरेनला त्यासाठी ऑस्करचं नामांकन होतं. मला सिनेमा फार आवडला होता, पण आता नाटक पाहावंसं वाटतंय.

---

नेपथ्य

या धाग्यावर 'अजब न्याय वर्तुळाचा' आठवणारच. जर्मन नाटककार ब्रेख्तच्या 'कॉकेशियन चॉक सर्कल'चं चिं. त्र्यं. खानोलकरांनी केलेलं रूपांतर, विजयाबाई मेहतांनी जर्मनीतल्या वायमारच्या फ्रिट्झ बेनेविट्झ यांच्या साथीने उभं केलेलं. त्या प्रयोगाबद्दल आमच्या वडीलधाऱ्यांकडून इतकं ऐकलंय की राज्य नाट्य स्पर्धेसाठी संहिता शोधायला बसलो की ते नाव एकदा तरी निघतंच.

तिथे मूल एक आणि आया दोन. जन्म देणारी राज्यपालाची बायको, पळून जाताना उंची कपडे गोळा करण्याच्या नादात मूल मागे टाकून गेलेली. आणि ते मूल उचलून डोंगरदऱ्या तुडवणारी मोलकरीण. न्यायाधीश जमिनीवर खडूने वर्तुळ काढतो, मुलाला मध्ये उभं करतो आणि दोघींना सांगतो, ओढा. मूल दुखावेल म्हणून जिचा हात सुटतो, ती आई. ही युक्ती ब्रेख्तच्या फार आधीची. चिनी नाटकात आहे, आणि आपल्या बौद्ध जातककथांतल्या महाउम्मग्ग जातकातही आहे. तिथे यक्षिणी आणि आई यांच्यात भांडण लागतं, निवाडा करणारा शहाणा महोसध जमिनीवर रेघ मारतो आणि मूल ओढायला लावतो. जुन्या कथांत हात सोडणारी ही जन्मदातीच निघते. ब्रेख्तने ते उलटं केलं, त्याच्याकडे हात सोडते ती सांभाळणारी.

आता फिलुमेनाकडे बघा. मुलं तीन आणि ओढणारा बाप एकटाच. त्यालाही फक्त स्वतःचं रक्त हवंय, तिघांतलं एक. वर्तुळ काढायला इथे न्यायाधीश नाही, वकील तर कलम वाचून मोकळा होतो. म्हणून बाईच न्यायाधीश होते आणि ओढायची सोयच काढून घेते. कोणाचा हात धरायचा हेच कळलं नाही तर ओढणार कसं? मला हे ब्रेख्तच्याही एक पाऊल पुढचं वाटतं. ब्रेख्तच्या नाटकात शेवटी मूल एकीला मिळतं, दुसरी हात हलवत जाते. इथे कोणीच हरत नाही, दोमेनिकोसुद्धा नाही.

१९७७ साली लंडनला झेफिरेल्लींनी हे नाटक बसवलं होतं, जोन प्लोराइट फिलुमेना होती. मराठीत ही भूमिका करायला जीव टाकणाऱ्या नट्या मला आत्ता समोर दिसताहेत.

---

मिलानकर

मी नोकरीनिमित्त बरीच वर्षं इटलीत आहे, म्हणून थोडी भर घालतो. एदुआर्दो कोण होते हे कळलं की हे नाटक वेगळंच दिसायला लागतं.

एदुआर्दो, तितिना आणि पेप्पिनो ही तीन भावंडं एदुआर्दो स्कार्पेत्ता यांची. स्कार्पेत्ता म्हणजे त्या काळच्या नेपल्सच्या रंगभूमीचा राजा. त्यांची लग्नाची बायको रोझा दे फिलिप्पो, आणि या तिघांची आई लुईझा ही तिचीच भाची. स्कार्पेत्तांनी तिघांना आपलं नाव कधीच दिलं नाही. मुलं त्यांच्याच नाटक कंपनीत वाढली, बालकलाकार म्हणून रंगमंचावर उभी राहिली आणि बापाला 'काका' म्हणत राहिली. आडनाव आईचं. म्हणजे गजरा यांनी सांगितलेले ते तीन मुलगे लिहिणारा माणूस स्वतः तीन बिनआडनावी भावंडांतला एक. पहिल्या प्रयोगात त्याच्यासमोर फिलुमेना म्हणून उभी होती ती त्याची सख्खी बहीण, त्याच तिघांतली आणखी एक. "मुलं ती मुलं, सगळी सारखी" हे वाक्य तितिनाच्या तोंडून निघताना त्या दोघांच्या मनात काय होत असेल! (पेप्पिनो तेव्हा बरोबर नव्हता, १९४४ साली भांडण होऊन तो वेगळा झाला होता.)

ते वाक्यही फिलुमेनाचं स्वतःचं नाही. पोटुशी राहिल्यावर काय करावं हे तिला कळत नाही. बरोबरीच्या सांगतात, मोकळी हो. पहाटे तीनला ती गल्लीबोळांतून चालत सुटते आणि आपल्या गल्लीतल्या मेरीमातेच्या देवळीसमोर येऊन थांबते. "मी काय करू? तुला सगळं माहीत आहे, माझ्या हातून पाप का झालं तेही." माता गप्प. मग एक आवाज येतो, मुलं ती मुलं. फिलुमेनाला वाटतं, मागच्या कुठल्यातरी गॅलरीतून आला असेल. पण गॅलरीतल्या लोकांना माझं दुःख काय ठाऊक? म्हणजे तीच बोलली. एदुआर्दोंनी ते तसंच सोडलंय. देवी बोलली की शेजारीण, ज्याचं त्याने ठरवावं. तितिनाला पोप बारावे पायस यांच्या भेटीचा योग आला तेव्हा तिने हेच स्वगत त्यांना म्हणून दाखवलं होतं.

त्या काळी ज्यांचे आईबाप नोंदलेले नसत, त्यांच्या कागदांवर 'एन.एन.चा मुलगा' (एन.एन. म्हणजे लॅटिनमध्ये 'नाव माहीत नाही') असं लिहिलं जायचं. शाळेचा दाखला असो की नोकरीचा अर्ज, ती दोन अक्षरं सगळीकडे बरोबर. १९५५ च्या कायद्याने रोजच्या कागदपत्रांवरून आईबापांची नावंच काढली गेली, तेव्हा कुठे ती गेली. १९७५ मध्ये कुटुंब कायदा बदलला. आणि डिसेंबर २०१२ च्या २१९ क्रमांकाच्या कायद्याने नागरी संहितेत स्पष्ट लिहिलं गेलं की सर्व मुलांचा कायदेशीर दर्जा एकच आहे. सर्व मुलं सारखी! नाटकातली अक्षरशत्रू बाई जे १९४६ मध्ये म्हणाली ते कायद्याच्या पुस्तकात यायला ६६ वर्षं लागली. माझ्याबरोबर काम करणारे एक ज्येष्ठ गृहस्थ हे सांगताना टेबलावर हात आपटून म्हणाले होते, संसदेच्या आधी आम्हाला फिलुमेनाने शिकवलं.

टीव्हीवर ती पुन्हा पुन्हा येत राहते. २०१० मध्ये मारियांजेला मेलातो आणि मास्सिमो रानिएरी, २०२२ मध्ये व्हानेस्सा स्कालेरा आणि मास्सिमिलियानो गाल्लो. २०२२ ची मी इथे घरच्या टीव्हीवर पाहिली. रंगीत आहे, खऱ्या जागा आहेत, नटमंडळीही उत्तम. तरी पहिली पाहायची तर १९६२ चीच पाहा. तिच्यात रस्ते नाहीत, घोडे नाहीत, खोलीच्या बाहेर आपल्याला कोणी नेत नाही. नेपल्सच्या त्या अंधाऱ्या, धुरकट खोल्या, जिथे एका मोठ्या ताटात सगळं घर जेवायचं आणि उन्हाळ्यात श्वास कोंडायचा, त्या फक्त तिच्या बोलण्यातून दिसतात. २०२२ मध्ये त्या दाखवल्या आहेत, आणि दाखवल्यामुळे लहान झाल्या आहेत.

---

आजोळ

मिलानकर, 'काका' म्हणायला लावणारा बाप... वाचून पोटात कालवलं. आपल्याकडे कर्णाला निदान राधेय तरी म्हणत होते.

---

कलम_कसई

मी कौटुंबिक न्यायालयात वकिली करते, म्हणून नोचेल्ला वकिलांच्या बाजूने थोडं बोलते. ते वाचतात ती कलमं खरी आहेत. इटलीच्या १९४२ च्या नागरी संहितेतलं १०१ वं कलम प्राणसंकटातल्या लग्नाचं आणि १२२ वं बळजबरीने किंवा चुकीच्या समजुतीतून दिलेल्या संमतीचं. कायद्याने पाहिलं तर दोमेनिकोची बाजू बळकट आहे आणि नाटककाराने ती कमकुवत करून दाखवलेली नाही. मला हे फार मोलाचं वाटतं. वकिलाला दुष्ट करून टाकलं असतं तर काम सोपं झालं असतं. इथे वकील सभ्य आहे, कायदा बरोबर लावतोय आणि तरी अन्याय होतोय. हे आम्ही रोज पाहतो.

आता पुराव्याचं. आपल्या पुरावा कायद्याचं ११२ वं कलम, जे आता भारतीय साक्ष्य अधिनियमात ११६ वं झालंय, ते असं म्हणतं की लग्न टिकून असताना जन्मलेलं मूल नवऱ्याचंच मानायचं. पती-पत्नींचा त्या काळात संबंधच येऊ शकत नव्हता हे सिद्ध झालं तरच वेगळा विचार. हे कलम इंग्रजांच्या काळचं, १८७२ चं. डीएनए चाचणी आल्यावर लोकांना वाटलं की आता याची गरज संपली. तसं झालं नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९३ पासून पुन्हा पुन्हा सांगितलंय की उठसूट रक्ताची चाचणी मागता येणार नाही, आणि २०२३ च्या एका निकालात तर मुलाच्या बाजूने बोललं: नवरा-बायकोच्या भांडणात मुलाला चाचणीच्या नळीत ओढू नका, त्याची ओळख हा त्याचा स्वतःचा हक्क आहे. म्हणजे विज्ञान हाताशी असताना न्यायालय कधीकधी मुद्दाम ती नोट उघडत नाही. गजराताईंचा मुद्दा मला त्यामुळे नुसता भावनिक वाटत नाही.

आणखी एक. २०१५ साली सर्वोच्च न्यायालयाने एका अविवाहित आईला, मुलाच्या बापाचं नाव उघड न करता, त्याला नोटीस न पाठवता पालकत्व मागायची मुभा दिली. खालच्या दोन्ही न्यायालयांनी तिला आधी बापाचं नाव सांग म्हटलं होतं. ती सांगायला तयार नव्हती. फिलुमेनाने ऐकलं असतं तर तिला आनंद झाला असता.

पक्षकारांबरोबर बसताना माझ्या लक्षात येतं की बाप कोण हा प्रश्न सहसा मूल विचारत नाही. तो विचारतो कोणीतरी मोठा, ज्याला काहीतरी द्यायचं नसतं.

---

सांजवेळ

सगळ्यांचं वाचलं. मनापासून आवडलं, तरी मला वेगळं म्हणायचंय आणि ते मी जरा जपून लिहिते, कारण विषय माझ्या घरातला आहे. मी दत्तक मुलगी आहे. आईबाबांनी मला लहानपणापासूनच सगळं सांगितलं होतं, आणि आमच्या घरात या गोष्टीवरून कधी रडारड झाली नाही.

फिलुमेना दोमेनिकोला सांगत नाही हे मला शंभर टक्के पटतं. तो मुळात ग्राहक म्हणून आलेला. कोणता मुलगा माझा, हे विचारायचा त्याचा अधिकार फार कच्चा. पण ती मुलांनाही सांगत नाही! तिघांपैकी एकाचा बाप समोर उभा आहे आणि त्या एकाला ते कधीच कळणार नाही. उरलेल्या दोघांना तर आपला बाप या खोलीत नाही हेही कळणार नाही. तो कोण, कसा होता, त्याला कुठला आजार होता, सगळं त्या फाटक्या कोपऱ्याबरोबर गेलं.

वर कोणीतरी म्हटलं की इथे कोणीच हरत नाही. मला वाटतं, हरलेले लोक आहेत, फक्त त्यांना ते माहीत नाही. दोमेनिकोला गप्प बसवणं हा न्याय. मुलांच्या वतीने कायमचं गप्प बसणं, याला मी न्याय म्हणणार नाही. आईला अधिकार होता का? होता, कारण तिने त्यांना जगवलं. पण जगवणारीला त्यांचं सगळंच ठरवायचा अधिकार मिळतो का? माझ्या आईने तो घेतला नाही, आणि त्यासाठी मला तिचा फार अभिमान आहे.

---

गजरा

सांजवेळ, असा प्रतिसाद यावा म्हणूनच धागा काढतात. मनापासून आभार.

तुमचं म्हणणं मी उडवून लावू शकत नाही. तरी फिलुमेनाच्या जागेवरून जे दिसतं ते सांगते. ही १९४६ ची गोष्ट. तिचे मुलगे कोण? उंबेर्तो हिशेबनीस, शिकलेला, वर्तमानपत्रांत कथा लिहितो. रिकार्दोचं शर्टांचं दुकान, तेही कियाया रस्त्यावर, म्हणजे शहराच्या उंची भागात. मिकेले नळकाम करणारा, संसारी, पोराबाळांचा. आई कळल्यावर सगळ्यांत आधी तिला घरी चल म्हणणारा हाच. आता समजा तिने सांगितलं की यातला अमुक सोरियानोचा. कारखाना, दुकानं, घोडे, घर सगळं त्याचं. मग बाकीचे दोघे कोण? वेश्येचे, बस्स. तिच्या दृष्टीने ते सत्य तिघांना समान वाटताच येत नव्हतं. एकाला मिळालं की दुसऱ्याचं जाणार होतं.

तुमच्या घरात सत्य सांगितल्याने कोणाचं काही गेलं नाही. तुमच्या आईने घडवलेल्या घरात ते मावलं. फिलुमेनाला आधी तसं घर उभं करायचं होतं. मिकेलेला पन्नाशीत कधीतरी कळलं असतं तर चाललं असतं का? कदाचित चाललं असतं. नाटक तिथवर जात नाही. पण त्या दिवशी, त्या खोलीत, वकील कागद घेऊन उभे असताना, तिने नाव घेतलं असतं तर तिघांचे एक आणि दोन झाले असते, यात मला तिळमात्र शंका नाही.

---

नेपथ्य

तिसऱ्या अंकाबद्दल लिहायचं राहिलं, आणि सांजवेळ यांच्या मुद्द्याचं उत्तर (किंवा अर्धं उत्तर) तिथेच आहे.

दहा महिने गेलेत. दोमेनिको पार बदललाय. आता रीतसर लग्न आहे, दोघांच्या राजीखुशीने. तिघे मुलगे चांगले कपडे करून आलेत. दोमेनिको तिघांना घेऊन बसतो आणि चौकशी सुरू करतो. तुला बायकांचा नाद आहे का? गाता येतं का? तरुणपणी तो स्वतः मित्रांबरोबर गायचा, म्हणून त्याला वाटतं, आवाजावरून माझा ओळखू येईल. तिघे सुरू होतात आणि तिघेही भयंकर बेसूर! रंगेलपणा जवळजवळ तिघांतही. प्रत्येक खूण एकतर कोणातच नाही, नाहीतर सगळ्यांत आहे.

नट म्हणून मला हा प्रवेश फार अवघड वाटतो. प्रेक्षक हसत असतात, आणि त्याच वेळी दोमेनिकोच्या आतलं काहीतरी मोडत असतं. हसू जरा जास्त झालं की मोडणं दिसत नाही. १९६२ च्या चित्रणात एदुआर्दो काय करतात? जवळजवळ काहीच नाही. ते नुसतं बघतात. या मुलाकडे, मग त्या मुलाकडे, मग तिसऱ्याकडे. चेहरा थकत जातो. अभिनय शिकवणाऱ्यांनी हा तुकडा मुलांना दाखवावा असं मला फार वाटतं.

मग लग्न लागतं, तिघे निरोप घ्यायला येतात आणि त्याला 'बाबा' म्हणतात. तिघेही. तेव्हा तो विचारणं सोडतो. तिघांना आडनाव देतो. म्हणजे पुरावा न मिळाल्यामुळे तो बाप होतो, आणि मिळाला असता तर फक्त एकाचा झाला असता.

आणि हो, फिलुमेना रडते. पूर्ण नाटकभर ती रडलेली नाही. दोमेनिको तिला तेच म्हणत असतो, तुला कधी रडताना पाहिलं नाही. तिचं म्हणणं असं की रडायला आधी सुख माहीत असावं लागतं. शेवटी डोळे भरतात तेव्हा ती हरखून सांगते, दोमेनिको, मी रडतेय, किती बरं वाटतं रडायला! या वाक्यावर टाळी घ्यायचा मोह प्रत्येक नटीला होणार. रेजिना बियांकी तो टाळते.

---

अबोली

नेपथ्य, मग मनावर घ्या ना! मराठी रूपांतराला मुंबईतलं गिरगाव किंवा गोव्यातलं मडगाव, दोन्ही चालतील. मेरीमातेची देवळी तर दोन्हीकडे आहे.

---

आजोळ

मडगावला माझं मत. गोव्यात नागरी कायदाही पोर्तुगीज वळणाचा, त्यामुळे वकिलाचा प्रवेश नीट बसेल. कलम_कसई यांनी लक्ष घालावं.

आणि एक जाता जाता. आपल्या महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग बापाचं आणि मग आडनाव असा क्रम सरकारी कागदांवर सक्तीचा झालाय. माझ्या नातीचा दाखला असाच आला. सूनबाईचं नाव मध्ये वाचताना फार छान वाटलं. फिलुमेनाची गोष्ट आज वाचली, म्हणून लिहावंसं वाटलं.

---

कलम_कसई

आजोळ, गोव्याचं तुमचं म्हणणं बरोबर आहे, तिथे अजूनही पोर्तुगीज नागरी संहितेचा बराच भाग लागू आहे. संहिता लिहायला घेतलीत तर कलमं मी तपासून देईन, हे नक्की.

---

सांजवेळ

गजराताई, तुमचं उत्तर दोनदा वाचलं. 'आधी तसं घर उभं करायचं होतं' हे मला पटलं. त्या दिवशी तिने नाव घ्यायला नको होतं, इथवर मी तुमच्याबरोबर आहे.

पण काल रात्री १९६२ ची आवृत्ती शोधून पाहिली आणि माझा मुद्दा माझ्यापुरता पक्का झाला. दुसऱ्या अंकात ती मुलांना सांगते की मी तुमची आई, तेव्हा तिघांचे चेहरे बघा. कोणीही 'मग बाप कोण' असं विचारत नाही. एदुआर्दोंनी तो प्रश्न मुलांच्या तोंडी घातलाच नाही. मिलानकरांनी सांगितलेलं स्कार्पेत्तांचं सगळं आठवलं आणि वाटलं, तो प्रश्न त्यांनी स्वतःच्या आयुष्यात विचारून झाला असेल, किंवा विचारताच आला नसेल.

मराठीत करणार असाल तर मिकेलेला एकदा तरी तो विचारू द्या. तिने उत्तर देऊ नये, हवं तर. पण त्याने विचारलेलं मला ऐकायचंय.